सेव्हिलची टापास संध्याकाळ: भिशीवाल्यांनो, एकदाच नीट लिहिते

आमच्या भिशीतल्या तिघी सप्टेंबरात स्पेनला, सेव्हिल शहरात चालल्यात आणि तेव्हापासून व्हॉट्सअ‍ॅपवर एकच चालू आहे, अगं ते टापासचं (बारमध्ये ड्रिंकबरोबर खायच्या छोट्या छोट्या प्लेटी) गाइड घेऊन करायचं का आपलं आपण, पैसे वाया तर नाही ना जाणार, आणि आपण खायचं काय तिथे. प्रत्येकीला वेगवेगळा व्हॉइस मेसेज पाठवून घसा बसायची वेळ आली म्हणून इथेच लिहून टाकते. खाण्याच्या पोस्टमध्ये दारूचा उल्लेख ज्यांना चालत नाही त्यांनी इथेच थांबलेलं बरं, कारण मला जे सांगायचंय ते बरंचसं पिण्याबद्दलच आहे.

आधी सरळ उत्तर. घ्या गाइड. फक्त एका संध्याकाळसाठी आणि शक्यतो गेल्या गेल्या पहिल्याच, नंतर काही गरज नाही.

खाण्याच्या बाबतीत इंदूरच्या माणसाला कोणी काही शिकवू नये असं आपल्याला वाटतं आणि ते बऱ्यापैकी खरंही आहे, पण सेव्हिलचा जुना बार म्हणजे सराफा नव्हे. सराफ्यात रात्री सोन्याची दुकानं बंद झाली की समोरच ठेले लागतात, कढईत काय आहे ते दिसतं, वास येतो, बोट दाखवलं की हातात द्रोण. सेव्हिलला काउंटरवर तीन रांगा माणसं उभी, सगळी एकदम बोलतायत, भिंतीवर खडूने काहीतरी लिहिलंय, वर डुकराच्या आख्ख्या तंगड्या टांगलेल्या, आणि काउंटरमागचा माणूस तुमच्याकडे बघतच नाही. उद्धटपणा नाही हा, त्याला माहीतच नसतं तुम्हाला काय हवंय आणि तुम्हालाही माहीत नसतं. गाइड एवढंच करते, तुम्हाला त्या गर्दीत आत घेते आणि पुढच्या वेळी तुमचं तुम्ही घुसाल एवढं शिकवते.

आम्ही तिघी होतो, मी, धाकटी बहीण आणि आई. मी आणि बहीण सगळं खातो-पितो. आई अंडंसुद्धा नाही, दारूचा तर प्रश्नच नाही, आणि ती येणार म्हटल्यावर बहीण मला बाजूला घेऊन म्हणाली, "ताई, तिला हॉटेलवरच ठेवू, दारूच्या दुकानात काय करणार ती." आईने ते ऐकलं. म्हणाली, "इंदूरच्या रामबागेतून इतक्या लांब काय हॉटेलची खोली बघायला आलेय का मी?" झालं, आली.

गाइड पन्नाशीची होती, नदीपलीकडच्या त्रियानातली, इंग्रजी झकास. ग्रुप छोटासाच, आमच्याशिवाय कॅनडाचं एक जोडपं आणि एक जर्मन काका जे शेवटपर्यंत फारसं बोलले नाहीत पण खाल्लं मात्र सगळ्यांपेक्षा जास्त. भेटायची वेळ रात्री आठ आणि ऊन टळटळीत. जूनमध्ये सेव्हिलला पारा चाळिशीला सहज जातो, त्यात सूर्य मावळतो पावणेदहाच्या सुमारास. शब-ए-मालवाच्या, म्हणजे माळव्यातल्या रात्रीच्या, गार वाऱ्यावर वाढलेल्या माणसांना ते झेपत नाही. आई सारखी घड्याळ बघायची, साडेनऊ झाले तरी दिवेलागण कशी नाही यांच्याकडे. त्याचं कारण असं की 1940 मध्ये हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीत स्पेनने घड्याळ एक तास पुढे नेऊन जर्मनीच्या वेळेला जोडलं आणि ते परत मागे आणलंच नाही. सेव्हिल तर ग्रिनिचच्याही पश्चिमेला, त्यामुळे तिथे सूर्य आणि घड्याळ यांचा मेळच नाही. जेवण दहाला, म्हणून आठ-नऊला पोटाला काहीतरी आधार लागतो, आणि तो आधार हे लोक उभ्याउभ्या, एका हातात ग्लास धरून करतात.

(टापास हे नाव कसं पडलं याच्या राजेलोकांच्या दोन-तीन गोष्टी गाइड सांगतेच. ऐकून घ्या आणि सोडून द्या.)

सुरुवात कॅथेड्रलजवळून झाली, तिथे बाजूलाच आर्काइव्ह ऑफ द इंडीज आहे, स्पेनच्या अमेरिकेतल्या वसाहतींच्या कागदांचा 1785 साली सुरू झालेला दफ्तरखाना म्हणा हवं तर. 1503 पासून अमेरिकेशी होणारा स्पेनचा सगळा व्यापार सेव्हिलमधूनच व्हायचा, 1717 ला तो कारभार कादिसला हलवला. म्हणजे दोनशे वर्षं तिकडच्या जहाजांचा माल या एका नदीतून वर यायचा. टोमॅटो, बटाटा, मिरची, मका, सगळं मूळ अमेरिकेतलं. आपल्याकडे मिरची-बटाटा पोर्तुगीजांच्या जहाजांतून आला असं मानतात, म्हणजे वाट वेगळी पण गोष्ट तीच. हे मी आईला सांगितलं तर तिला पहिलं काय आठवावं, भुट्ट्याचा, म्हणजे मक्याच्या कणसाचा, कीस. "म्हणजे अहिल्याबाईंच्या आधी तीनशे वर्षं आपल्या माळव्यात कीस नव्हताच?" नव्हता. गराडू, तो तळून खायचा कंद, मात्र जुनाच असावा म्हटल्यावर ती जरा सावरली.

पहिल्या बारमध्ये बिअर. कान्या म्हणतात, साधारण दोनशे मिलीचा ग्लास, बस. इथली बिअर क्रूसकाम्पो, 1904 मध्ये सेव्हिलमध्येच सुरू झालेली. ग्लास एवढा छोटा का, तर उन्हात मोठा ग्लास संपेपर्यंत गरम होतो, म्हणून छोटा घ्यायचा आणि लागला तर दुसरा. आईसाठी मोस्तो मागवलं, द्राक्षाचा न आंबवलेला गार रस, वाइनच्याच ग्लासात येतो त्यामुळे ती सगळ्यांत मिसळून गेली. कॅनडावाल्या बाईंना सांग्रिया हवी होती. गाइड हसली, म्हणाली इथले लोक उन्हाळ्यात तिंतो दे वेरानो पितात, लाल वाइनमध्ये लेमन सोडा आणि बर्फ, संपलं. बहिणीला तेच आवडलं सगळ्यांत जास्त, स्वस्तही असतं.

मग दुसऱ्या ठिकाणी एल रिंकोनसियो. हा 1670 चा बार आहे, सेव्हिलमधला सगळ्यात जुना म्हणतात, सान्ता कातालिना चर्चच्या जवळ. सतराव्या शतकातली जागा म्हणून बघायला जाऊ नका, जा ते तिथल्या खडूसाठी. तुमचा हिशोब ते लाकडी काउंटरवरच तुमच्यासमोर खडूने लिहितात, एकेक पदार्थ आला की आकडा वाढतो, शेवटी बेरीज करून पैसे घेतले की फडक्याने पुसून टाकतात. आई तिथून हलायलाच तयार नव्हती.

इथेच तिला तिचा पदार्थ मिळाला. एस्पिनाकास कोन गार्बान्सोस, पालक आणि काबुली चणे, त्यात लसूण, लाल मिरचीची पूड, आणि दाटपणासाठी तळलेल्या पावाचा चुरा. वर जिरं. भरपूर जिरं. आईने एक घास घेतला, डोळे मिटले, मग म्हणाली, "मीठ कमी आहे, पण करणारीला स्वयंपाक येतो." तिच्याकडून यापेक्षा मोठं सर्टिफिकेट मी तरी ऐकलेलं नाही. ईस्टरच्या आधीच्या उपवासाच्या शुक्रवारी मांस वर्ज्य असतं तेव्हा घरोघरी हेच करतात, म्हणून शहरभर मिळतं.

आता मुद्द्याचं. शेरी, म्हणजे इथली खास वाइन.

आपल्याकडे शेरी म्हणजे गोड, केकमध्ये घालतात ती, असं काहीतरी डोक्यात असतं. गाइडने मान्सानिया नावाची शेरी मागवली, गार, फिकट पिवळी, छोट्या ग्लासात. मी घोट घेतला आणि तोंड वाकडं झालं. कोरडी ठक्क, जरा खारटच, गोडाचा पत्ता नाही. ती म्हणाली थांब, आधी ऑलिव्ह खा, मग हामोनचा, म्हणजे मीठ लावून सुकवलेल्या डुकराच्या तंगडीचा, तुकडा, मग परत घे. घेतला. आणि तेव्हा कळलं की हे एकट्याने प्यायचं पेयच नाही, खारट-तेलकट खाल्लं की ते तोंड धुऊन काढतं आणि पुढचा घास परत नवा लागतो. तुम्ही नुसती चाखून बाजूला ठेवाल म्हणून हे मुद्दाम लिहितेय.

बनवतात कशी तेही ऐकून ठेवा, मजा आहे. हेरेस गावाच्या आजूबाजूला पांढरी खडूसारखी जमीन, त्यावर पालोमिनो जातीची द्राक्षं. वाइन झाली की थोडं स्पिरिट घालून ती 15 टक्क्यांवर आणतात आणि ओकच्या पिपात भरतात, पण काठोकाठ नाही, 600 लिटरच्या पिपात 500 लिटर. वर मोकळी हवा. त्या हवेत वाइनवर यीस्टचा पांढरा थर धरतो, त्याला फ्लोर म्हणतात. हा थर खालच्या वाइनला हवा लागू देत नाही आणि स्वतः तिच्यावरच जगतो, म्हणून ती अशी फिकट आणि कोरडी राहते. हीच फिनो. हेच काम समुद्राजवळच्या सान्लुकार गावात केलं तर मान्सानिया, तिथल्या दमट हवेत थर जास्त जाड धरतो. आणि अल्कोहोल 17 टक्क्यांपर्यंत वाढवलं तर फ्लोर जगतच नाही, वाइनला हवा लागते, ती गडद होत जाते, अक्रोडासारखी लागते, ती ओलोरोसो. एकाच द्राक्षाच्या या दोन टोकाच्या वाइन्स, फरक फक्त एका थराचा.

आणि पिपं रांगांनी एकावर एक. बाटलीत भरायची वाइन सगळ्यात खालच्या रांगेतून थोडीच काढायची, तेवढी भर वरच्या रांगेतून घालायची, तिची भर तिच्या वरच्या रांगेतून, आणि सगळ्यात वर यंदाची नवी. कुठलंही पीप कधी पूर्ण रिकामं होत नाही, त्यामुळे त्यात फार जुन्याचाही अंश राहतो. मी हे आईला समजावत होते तर मध्येच तोडून म्हणाली, "अगं विरजणच की हे. आपल्या घरचं विरजण तुझ्या आजीने उज्जैनहून आणलेलं आहे, मोडलं का कधी?" गाइडला हे सांगितल्यावर तिने आईला मिठी मारली. दारूच्या दुकानात काय करणार ती, म्हणे.

मला त्या संध्याकाळी सगळ्यात जास्त काय जाणवलं असेल तर बारमध्ये कोण कोण असतं ते. आमच्या शेजारी एक आजी, केस सेट केलेले, कानात मोती, हातात फिनो, आणि बाजूला बाबागाडीत नातू झोपलेला. तिची सून बटाटे खात होती. कोणी झिंगलेलं नाही, कोणी कोणाकडे टक लावून बघत नाही. आपल्याकडे पिणं म्हणजे एक तर बायकांपासून लपवून होणारी बैठक, नाहीतर लग्नाच्या पार्किंगमध्ये गाडीची डिकी उघडून. 2023 मध्ये सरकारने मध्य प्रदेशातले अहाते, म्हणजे दारूच्या दुकानाला लागून बसून प्यायच्या जागा, बंद केले तेव्हा मला बरंच वाटलं होतं, कारण त्यांच्यासमोरून संध्याकाळी जायला नको वाटायचं. अजूनही वाटतं की ठीकच झालं. पण त्या आजीकडे बघताना हेही वाटलं की फरक दारूचा नाहीये, फरक एवढाच की तिथे ग्लास छोटा आहे, सोबत खाणं आहे आणि घरातली बाई तिथेच उभी आहे. बहीण म्हणाली, जास्त विचार करू नकोस, तुझा ग्लास तापतोय.

पुढचं भराभर सांगते. हामोन खाणार असाल तर काळ्या लेबलचा, म्हणजे शुद्ध इबेरिको जातीचा आणि शेवटचे काही महिने ओकच्या रानात बेलोता, म्हणजे ओकची फळं, खाऊन वाढलेल्या डुकराचा. महाग आहे, थोडाच घ्या, पण तोच घ्या. प्रिंगाचा मोंतादितो, उकडून कुस्करलेल्या मांसाचा गरम छोटा पाव, माझ्यासाठी त्या रात्रीचा नंबर वन. व्हिनेगर-मसाल्यात मुरवून तळलेला मासा, कासोन एन अदोबो, जर्मन काकांनी दोनदा मागवला. संत्र्याची वाइन गोड आहे, वेल्वाकडून येते, सालीचा वास मस्त, पण एक ग्लास पुरे. रस्त्यावरच्या झाडांची संत्री तोडून खाऊ नका, कडू असतात. शेवट व्हॅनिला आइस्क्रीमवर पेद्रो खिमेनेस ओतून, उन्हात वाळवलेल्या द्राक्षांची काळी दाट शेरी, ही मात्र खरोखर गोड. आईने नुसतं आइस्क्रीम खाल्लं.

पोट भरतं का? इंदुरी पोट, खरं सांगायचं तर, दुसऱ्या बारपर्यंत चिडचिडं होतं कारण प्लेट तीन घासांत संपते. चौथ्या बारला मात्र आमच्यापैकी कोणालाच पुढे काही नको होतं. आणि ग्रानादामध्ये ड्रिंकबरोबर टापा फुकट येते, सेव्हिलमध्ये सहसा तसं नाही, तीन-चार युरो धरून चला, घासाघीस नाही. गाइड टूरमध्ये सगळं धरलेलं असतं तरी बुकिंग करताना ड्रिंक्स किती ते बघून घ्या. रविवारी संध्याकाळी आणि सोमवारी बरेच चांगले बार बंद असतात.

शाकाहारी असाल तर फॉर्ममध्ये नुसतं शाकाहारी लिहू नका, मांस नाही, मासे नाही, अंडं नाही असं एकेक वेगळं लिहा. तिथे बटाट्याच्या सॅलडमध्ये ट्यूना निघतो आणि त्यांना त्यात काही गैर वाटत नाही, साल्मोरेखो या गार टोमॅटोच्या सूपवर न सांगता उकडलेलं अंडं आणि हामोन येतो, आणि मधात घोळल्यासारखी लागणारी वांग्याची भजी मस्त असतात पण ती बहुतेक मासे तळलेल्याच तेलात तळतात. आईला हे मी सांगितलं होतं, तिने वांगी बघितली, माझ्याकडे बघितलं, आणि परत पालक-चणे मागवले.