नाताळची प्रेमकथा आणि टेनरची चणचण

सुवर्णमहोत्सवी अंकासाठी मनोगत मागितलं गेलं. आठवणी बाकीचे लिहितीलच, म्हणून इथे थोडं कामाचं. निबंधाच्या तासाला प्रत्येक वाक्याला ‘कधी, कुठे, किती’ विचारायची सवय या शाळेने लावली. लहानशा गावात घडणारी, नाताळची हलकीफुलकी प्रेमकथा लिहायची तर तीच सवय कामी येते.

या प्रकारात शेवट पहिल्या पानावरच ठाऊक असतो. दोघं एकत्र येणार. वाचकाला मजा येते ती ते कसं कसं लांबतंय हे पाहण्यात, आणि ते लांबवायला गैरसमज हे सगळ्यात कच्चं साधन. ‘तिला कोणाबरोबर तरी पाहिलं’ यावर तीन प्रकरणं ओढली की कथा मेली. लहान गावात ती बातमी, ती व्यक्ती तिचा भाऊ आहे या खुलाशासकट, दुपारपर्यंत सगळीकडे पोचलेली असते! अडथळा खरा हवा: तिला २ जानेवारीला दुसऱ्या शहरात नोकरीवर रुजू व्हायचंय, एवढा साधा चालतो.

वेळापत्रक आयतं मिळतं. नाताळच्या आधीचे चार रविवार म्हणजे आगमनकाळ. पहिला रविवार २७ नोव्हेंबर ते ३ डिसेंबर यांच्यात पडतो, म्हणून हा काळ २२ ते २८ दिवसांचा. दर रविवारी चर्चमध्ये एक मेणबत्ती जास्त पेटते. पुष्कळ चर्चमध्ये तीन जांभळ्या आणि तिसऱ्या रविवारची गुलाबी. चार रविवारांवर ओळख, खटका, जवळीक आणि ताटातूट बसवावी. वर्ष मात्र आधी ठरवा. २०२३मध्ये चौथा रविवार थेट २४ डिसेंबरलाच आला होता. तशा वर्षी सकाळी ताटातूट आणि संध्याकाळी समेट. धांदल उडते, पण विनोदाला ती बरीच.

दोघांना पुन्हा पुन्हा एकत्र आणायला योगायोग नकोत, कॅरलची, म्हणजे नाताळच्या गाण्यांची, तालीम पुरते. सोप्रानो, आल्टो, टेनर, बास असे चार आवाज लागतात आणि हौशी गायनवृंदात टेनरची, म्हणजे उंच पट्टीच्या पुरुषी आवाजाची, चणचण ठरलेली. घर विकायला चार दिवसांसाठी आलेल्या पाहुण्याला टेनरचा आवाज असला, तर वृंद चालवणाऱ्या बाई त्याला गाव सोडू देतील का? (बर्फाने रस्ता बंद होणं हा हुकमाचा पत्ता. एकदाच टाकावा.)

झाडाचा प्रसंग बहुतेक जण वाया घालवतात. दोघं चांदणी लावतात, बोटं लागतात, संपलं. खरी गंमत बुंध्याशी आहे. तोडलेल्या झाडाचं खोड राळेने बंद होतं आणि पाणी ओढत नाही. म्हणून उभं करण्याआधी बुंध्याची दोन-अडीच सेंटिमीटरची चकती कापावी लागते आणि लगेच पाण्यात ठेवावं लागतं. म्हणजे एकाने झाड धरायचं, दुसऱ्याने पालथं पडून करवत चालवायची. केसांत सुया, हाताला चिकट राळ. पाणी घालायचं राहिलं किंवा झाड शेकोटीजवळ ठेवलं, तर ते लवकर सुकतं आणि सुया झडतात. रोज पाणी घालायला येण्याचं निमित्तही त्यातूनच निघतं. मिसलटोखालचं (नाताळात दारात टांगायची, बारीक फळांची डहाळी) चुंबन लिहायचंच असेल, तर जुना इंग्रजी रिवाज वापरा: दर चुंबनाला एक फळ खुडायचं, फळं संपली की चुंबनं बंद. शेवटचं एकच फळ उरलेली डहाळी बरीच पानं चालते.

नाताळच्या रात्री पूर्ण चंद्र उगाच टांगू नका. २५ डिसेंबरची पौर्णिमा २०१५ साली झाली, पुढची २०३४मध्ये.

कबुली २४च्या संध्याकाळी द्यावी, २५ तारखेला अर्धं पान पुरे. मग थेट ६ जानेवारी. सजावट उतरतेय, ती शिडीवर आहे. नोकरीचं काय झालं ते वाचकाला सांगायची गरज नाही. शिडी कोण धरून उभं आहे, तेवढं लिहावं.