सुई घोट्याला

"त्रास लघवीचा आणि सुई घोट्याला व्हय?" आत्यानं डॉक्टरांना सरळच विचारलं.

आज सांगलीत तिचं पहिलं सेशन, टिबियल नर्व्ह स्टिम्युलेशनचं, म्हणजे पायातल्या टिबियल नसेला करंट देऊन सारखी, घाईनं लागणारी लघवी आवरायच्या उपचाराचं. घोट्याच्या आतल्या बाजूला बारीक सुई, हलका करंट, 30 मिनिटं, आठवड्यातनं एकदा असं 12 आठवडे. पायाची ही नस मणक्यात खाली जिथनं निघते तिथनंच मूत्राशयाच्या नसापण निघतात, म्हणून.

येताना गाडीत ती हळूच म्हणाली, "तासगावच्या लग्नाला आले नाही ते ह्यामुळंच गं, एसटीत बसायचं म्हटलं की आदल्या रात्रीपासनं पाणी बंद करते मी."

आणि आम्ही सगळे इतकी वर्षं म्हणत होतो, आत्या माणसात मिसळत नाही.

तुमच्या घरात कोण असं तहानलेलं प्रवासाला निघतंय, विचारलंय कधी?