मामा पाणबुडीत उतरलेच नाहीत

डलासहून लिटल रॉक गाडीने पाचेक तास. मामा भारतातून आले होते. जन्म मालवणचा, नोकरी मुंबई बंदरात. त्यांना मॉल दाखवून काय उपयोग? म्हणून आर्कान्सा नदीकाठच्या नौका संग्रहालयात नेलं. इथे गर्दी होते ती रेझरबॅक पाणबुडीसाठी. मामांनी खाली जाणारी अरुंद शिडी पाहिली आणि हात जोडले. "तू जाऊन ये, माझे गुडघे नको म्हणतायत."

मी वर आलो, तर ते शेजारच्या टगसमोर, म्हणजे बंदरात मोठी जहाजं हलवणाऱ्या छोट्या बोटीसमोर उभे!

ही होगा. सू आदिवासींच्या भाषेत होगा म्हणजे मासा. १९४० च्या शेवटच्या दिवशी न्यूयॉर्कमध्ये पाण्यात उतरलेली, लांबी जेमतेम १०० फूट. ७ डिसेंबर १९४१ च्या सकाळी ती पर्ल हार्बरमध्ये होती. जपानी बॉम्ब पडायला लागले आणि दहा मिनिटांत ती कामाला निघाली. पाण्यातून दोघांना वर घेतलं. जळत्या अॅरिझोना या युद्धनौकेला खेटून असलेलं व्हेस्टल हे दुरुस्तीचं जहाज तिने ओढून बाजूला केलं.

खरी कसोटी पुढेच होती. त्या दिवशी बॅटलशिप म्हणतात त्या सर्वांत मोठ्या तोफांच्या युद्धनौकांपैकी एकटी नेव्हाडा जागची हलू शकली आणि विमानांनी तिलाच घेरलं. ती खाडीच्या तोंडाशी बुडाली असती तर बंदराची वाटच बंद! तिला हॉस्पिटल पॉइंटला गाळात चढवलं. मग होगा आणि अॅव्होसेट या छोट्या जहाजाने तिला ढकलत पलीकडच्या किनाऱ्याला नेलं. ढकलता ढकलता होगाचे पंप तिच्यावरची आगही विझवत होते.

"टग म्हटलं की लोकांना दोरखंड आठवतो," मामा म्हणाले. "अरे, बंदरात ओढण्यापेक्षा ढकलणंच जास्त. नाळ, म्हणजे बोटीचं पुढचं टोक, टेकवायची आणि जोर लावायचा."

त्यानंतर अॅरिझोना आणि आसपासच्या नौकांच्या आगी. सलग ७२ तास. फेब्रुवारी १९४२ मध्ये अमेरिकेच्या पॅसिफिक ताफ्याचा प्रमुख अॅडमिरल निमिट्झने तिच्या खलाशांना शाबासकीचं पत्र दिलं.

मला मात्र युद्धानंतरची होगा जास्त आवडली. १९४८ पासून चाळीसहून अधिक वर्षं ती कॅलिफोर्नियातल्या ओकलंड बंदराची अग्निशमन बोट होती. नावही बदललेलं. म्हणजे त्या ७२ तासांत केलं तेच काम, फक्त डोक्यावर विमानं नाहीत. १९९४ मध्ये नौदलाकडे परत गेली आणि सुइसुन खाडीत पडून राहिली. २००५ मध्ये ती नॉर्थ लिटल रॉकच्या, म्हणजे हे संग्रहालय आहे त्या शहराच्या नावावर झाली, प्रत्यक्ष पोचली २०१५ च्या नोव्हेंबरात.

"दहा वर्षं?" मामा हसले. "मग आपल्याकडचंच म्हणायचं."

२ सप्टेंबर १९४५ ला जपानने शरणागतीवर सह्या केल्या, तेव्हा रेझरबॅक टोकियोच्या उपसागरात हजर होती. अमेरिकेच्या युद्धाचा पहिला दिवस आणि शेवटचा दिवस पाहिलेल्या या दोघी, समुद्र नसलेल्या राज्यात शेजारी शेजारी.

रात्री मामांच्या फोनवरचे फोटो बघितले. पाणबुडीचा एक. होगाचे तेवीस, त्यातले निम्मे नुसत्या नाळेचे.