खांब तिथेच आहे, जमीन खाली गेली

इंग्लंडमधल्या पीटरबरोला आमच्याकडे कोणी पाहुणे आले की मी त्यांना आधी होम फेन या राखीव क्षेत्रात नेतो. तिथे बर्चच्या झाडीत ओतीव लोखंडाचा एक खांब उभा आहे. १८५१ च्या सुमारास तो पीट या काळ्या मऊ मातीच्या थरातून खालच्या चिकणमातीपर्यंत उतरवला, तेव्हा त्याचं टोक जमिनीच्या पातळीत होतं. आज ते सुमारे चार मीटर वर आहे. उंच माणसाने टाचा उंचावल्या तरी हात पोचत नाही.

शेजारीच व्हिटल्सी मिअर हे विस्तीर्ण तळं होतं. लोक त्यात मासे धरायचे, काठचा बोरू कापून घरं शाकारायचे, थंडीत ते गोठलं की त्यावर स्केटिंग करायचे. सतराव्या शतकात व्हर्मायडन या डच अभियंत्याने फेन या सखल, दलदलीच्या प्रदेशात सरळसोट कालवे काढले, त्यातूनही हे तळं वाचलं होतं. १८५१ मध्ये मात्र वाफेवरचा ॲपोल्ड पंप बसवून ते उपसलं. तळाच्या गाळात मठातलं चांदीचं धूपपात्र मिळालं! पुढच्याच वर्षी बांध फुटला, तळं पुन्हा भरलं. लोकांनी पुन्हा उपसलं आणि शेती सुरू केली.

पीट म्हणजे पाण्याखाली हवा न लागल्यामुळे हजारो वर्षं अर्धवट कुजून साठलेल्या वनस्पती. पाणी काढलं की पीट आधी आकसतं, मग कुजतं, त्यातला कार्बन हवेत जातो. जमीन खचली की चर आणखी खोल खणायचे, पंप आणखी मोठा लावायचा, की जमीन पुन्हा खचते. शेताकडेचं सुकं ढेकूळ उचलून बघा. काळंभोर, हाताला वजनच लागत नाही; चुरडलं की बोटांत मुळांचे तंतू उरतात. वसंतातल्या वाऱ्यात ही माती आभाळभर उडते.

तरी इथल्या शेतकऱ्यांना दोष द्यायला माझं मन धजत नाही. मी अलिबागकडचा, खाडीला बांध घालून खारात भात पिकवणाऱ्यांच्या घरातला. पाण्याकडून मिळवलेल्या जमिनीवर किती जीव असतो, ते मला ठाऊक आहे.

म्हणूनच ग्रेट फेन प्रकल्पाचं मला मोल वाटतं. होम फेन आणि वुडवॉल्टन फेन ही दोन राखीव क्षेत्रं जोडण्यासाठी मधल्या शेतांत पुन्हा पाणी धरताहेत. काही तुकड्यांवर ओल्या जमिनीतच पाणकणीस आणि स्फॅग्नम शेवाळ पिकवून पाहिलंय. अशा पिकाला भाव मिळाला तरच शेजारचा शेतकरी पंप बंद करील. तोवर त्याच्या तोट्याचा भार सरकारने उचललाच पाहिजे.