आवाज बसलेला पबवाला

थायरॉइडचं ऑपरेशन झाल्यावर पाच आठवडे मला आवाज नव्हता. म्हणजे फुसफुस यायची, पण शेजारच्या खोलीत हाक पोचायची नाही. मी शाळेत शिकवते. पाटीवर लिहून घरच्यांशी बोलणं दोन दिवस गमतीचं वाटलं, तिसऱ्या दिवशी रडूच आलं. मग वेळ घालवायला हॅमर कंपनीचे जुने ब्रिटिश भयपट लावायला लागले. लालभडक रक्त, ढीगभर धुकं, आणि तळघराकडे एकटीच निघालेली बाई.

चौथ्या-पाचव्या सिनेमाला लक्षात आलं, ड्रॅक्युला असो नाहीतर ममी, एक ठेंगणा, कायम चिंतेत दिसणारा माणूस सगळीकडे आहेच. ‘द ब्राइड्स ऑफ ड्रॅक्युला’मध्ये (1960) घोडागाडी हाकतोय, ‘द कर्स ऑफ द वेअरवुल्फ’मध्ये (1961) दारू पिऊन बरळतोय, आणि एरवी बऱ्याचदा पबचा मालक. नाव मायकेल रिपर. हॅमरच्या सिनेमांत याच्याइतक्या वेळा त्यांचा ड्रॅक्युला, ख्रिस्तोफर लीसुद्धा दिसत नाही. पोस्टरवर मात्र ली.

रिपर 1913चा, पोर्टस्मथचा. तिसाच्या दशकात ब्रिटिश थिएटरांना ठरावीक प्रमाणात देशी सिनेमे दाखवणं कायद्यानं भाग होतं, म्हणून झटपट, स्वस्तातले सिनेमे निघायचे. त्यात हा बारकी कामं करायचा, शिवाय नाटकं. आणि मग 1952 साली ऑपरेशन. थायरॉइडचं!

मी तिथेच लॅपटॉप बाजूला ठेवला आणि गळ्यावरच्या पट्टीला हात लावून बघितला. स्वरयंत्राची नस या ग्रंथीला अगदी खेटून जाते, हे एव्हाना मला पाठ झालं होतं. रिपरला त्यानंतर आवाज चढवता येईना. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचत नसेल तर रंगमंचावर उभं राहून काय करणार? नाटक सुटलं. उरला सिनेमा, कारण मायक्रोफोनला ओरडून सांगावं लागत नाही. तीनच वर्षांनी नट-दिग्दर्शक लॉरेन्स ऑलिव्हिएच्या ‘रिचर्ड द थर्ड’ सिनेमामध्ये तो मारेकरी आहे, तोही दोघांतला दुसरा. शेक्सपिअर मिळाला, पण कॅमेऱ्यासमोर.

त्याचं खरं काम बघायचं तर ‘द रेप्टाइल’ (1966). कॉर्नवॉलमधलं खेडं, गावात माणसं अंग काळंनिळं पडून मरताहेत. भावाच्या मृत्यूनंतर हॅरी त्याच्या घरात राहायला येतो. तो पबमध्ये शिरतो तर गिऱ्हाइकं उठून चालती होतात. मागे राहतो फक्त मालक टॉम बेली, म्हणजे आपला रिपर. इतर सिनेमांत पबवाल्याचं काम एवढंच, की पाहुण्याला ‘तिकडे जाऊ नका’ म्हणायचं आणि दार लावून घ्यायचं. इथे मात्र तो दार लावत नाही. रात्री फावडं घेऊन हॅरीबरोबर थडगं उकरायला जातो. नको-नको म्हणत, घाबरलेला, तरी जातोच. माणसं मारणाऱ्या सर्पकन्येपेक्षा मला तोच लक्षात राहिला. आणि आवाज? खरखरीत, घशातल्या घशात. आरडाओरडा एरवीही त्याच्या वाट्याला फारसा येत नाही.

गंमत म्हणजे ‘द प्लेग ऑफ द झोम्बीज’ याच दिग्दर्शकाचा, जॉन गिलिंगचा. हॅमरच्या ब्रे स्टुडिओतला गावाचा सेटही तोच, दोन्ही सिनेमे लागोपाठ उरकलेले. त्यात रिपर पोलीस सार्जंट. पाठोपाठ बघितले तर वाटतं, या माणसानं गावातच नोकरी बदलली. (मी तसे बघितले. रात्री एकपर्यंत.)

‘द ममीज श्राउड’मध्ये (1967) तो लाँगबॅरो, मालकाची बोलणी खात राबणारा, चष्म्यावाचून अडणारा. ममी त्याला पलंगावरच्या चादरीत गुंडाळून खिडकीबाहेर फेकते. ममीच्या सिनेमात माणसं मरायचीच, पण याच्या वेळी मी ‘अगं बाई’ म्हटलं. आवाज फुटला नाही, ओठ हलले.

पुढे 1978 ते 1983 बीबीसीच्या ‘बटरफ्लाइज’ मालिकेत तो श्रीमंत लेनर्डचा ड्रायव्हर थॉमस झाला. साहेब दुसऱ्याच्या बायकोच्या प्रेमात, आणि हा गाडीपाशी. रिपर 2000 साली गेला.

गेल्या सोमवारी शाळेत रुजू झाले. हजेरी घेतली, तिसऱ्या बाकापर्यंत ऐकू गेलं. मागच्यांना पुढे येऊन बसायला सांगितलंय.