दुसऱ्यांदा आला म्हणजे 'डी' का?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. मेडिकल कोडिंगचा, म्हणजे निदानाला कोड लावण्याचा, क्लास लावलेली मुलं हे नेहमी विचारतात, अलीकडे घरातूनही तेच आलं: जबडा मोडला एकदाच, मग पेशंट डॉक्टरकडे पुन्हा गेला की कोडचं शेवटचं अक्षर बदलतं कसं? आणि बदलतंच, तर दुसऱ्या खेपेला डोळे मिटून 'डी' का नाही लावायचा?

मी नाशिकला पाथर्डी फाट्याजवळ राहते आणि नऊ वर्षं अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद वाचते. डॉक्टर तिकडे नोट लिहितो, मी इकडे ती वाचून निदानाचा कोड लावते, आणि तो कोड बघून तिथला इन्शुरन्स बिलाचं काय ते ठरवतो. तिकडे १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम ही निदानाच्या कोडची यादी लागू आहे. त्यात खालच्या जबड्याचं फ्रॅक्चर म्हणजे एस०२.६. जबड्याचा कोन, म्हणजे कानाखालचं वळण, मोडला असेल तर पुढे ५. मग बाजू: उजवी १, डावी २. आणि सातव्या जागी अक्षर. डाव्या कोनाचं ताजं, बंद (हाडापर्यंत जखम नसलेलं) फ्रॅक्चर झालं एस०२.६५२ए. सगळी डोकेदुखी त्या शेवटच्या अक्षराची.

'ए'ला तिथे 'इनिशियल' म्हणजे सुरुवातीची खेप म्हणतात आणि 'डी'ला 'सबसिक्वेंट', म्हणजे नंतरची. नावंच फसवी. पहिल्या वर्षी मीही फसले. बेसबॉलचा चेंडू लागून जबडा मोडलेला एक मुलगा इमर्जन्सीत गेला. तिथे स्कॅन काढून, गोळ्या देऊन त्याला सर्जनकडे पाठवलं. आठवड्याने सर्जनने प्लेट बसवली. दुसरी तारीख, दुसरा डॉक्टर, म्हणून मी ऐटीत 'डी' लावला. ऑडिटमधून फाइल परत आली. टीम लीड एवढंच म्हणाली, "तारखा काय मोजतेस? उपचार बघ ना."

तेव्हापासून मी नोटमध्ये आधी क्रियापदं शोधते. हाड जुळवलं, तारांनी बांधलं, प्लेट बसवली, म्हणजे दुखण्यावर अजून काम चालू आहे. खेप तिसरी असो नाहीतर डॉक्टर नवा असो, अक्षर 'ए'च. काम संपून हाड आपल्या गतीने भरतंय, पेशंट फक्त दाखवायला आलाय, एक्स-रे काढला, तारा सोडल्या, तर 'डी'. भरायला उशीर होतोय असं डॉक्टरने लिहिलं तर 'जी', जुळलंच नाही तर 'के'. त्याने लिहिलं तर, बरं का. एक्स-रे बघून आपण ठरवायचं नाही. फ्रॅक्चर उघडं की बंद हे नोटमध्ये नसेल तर नियमाने बंदच धरायचं, मग ते दाताच्या रेषेतून तोंडात उघडलं असेल अशी आपल्याला कितीही शंका येवो. (मला ती दर वेळी येते.) फॉलोअप म्हटल्यावर नवी मुलं हमखास 'झेड'चा आफ्टरकेअर, म्हणजे उपचारानंतरच्या देखभालीचा, कोड शोधायला लागतात. इजेला तो लागत नाही. इजेचाच कोड ठेवायचा, अक्षर तेवढं बदलायचं.

मागच्या पावसाळ्यात धाकट्या दिराची गाडी द्वारकेजवळ घसरली आणि डाव्या बाजूचा कोन मोडला. तेव्हा हे सगळं मी पहिल्यांदा पेशंटच्या बाजूला बसून बघितलं. वरचे-खालचे दात तारांनी एकमेकांना बांधलेले, चार आठवडे. उलटी झाली तर तारा कापायच्या म्हणून वायर कटर कायम जवळ ठेवायला सांगितलेलं. तो पातळ आंबील आणि वरणाचं पाणी सिरिंजने गालाच्या फटीतून घ्यायचा. एका रविवारी घरात मिसळ आली. याने हट्टाने रस्सा गाळून घेतला, आणि दुसऱ्या घोटाला ठसका. बंद दातांमागे खोकणारा माणूस बघवत नाही. कटर फ्रिजवर होतं आणि आम्ही चौघं ते उशीखाली शोधत होतो. ठसका आपोआप थांबला म्हणून निभावलं. त्यानंतर कटर सुतळीला बांधून त्याच्या गळ्यात.

त्याच्या कॅशलेसच्या कागदावर निदानापुढे नुसतं एस०२.६ होतं. आपल्याकडे जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१० चालतं, त्यात हे सातवं अक्षर नसतंच. पण मला सवय. तारा बांधल्या त्या दिवशी मनात 'ए'. तारा निघाल्या त्या दिवशी 'डी'. तोंड जेमतेम एक बोट उघडत होतं, तरी 'डी'च. बरं होण्याच्या वाटेवरचं आखडलेपण ते.

हे सगळं त्याला सांगून बसले, ही माझी चूक. आता प्रत्येक तपासणीनंतर तो दारातूनच विचारतो, "वहिनी, अजून डी का?" मध्ये कुठेतरी त्याने शेवटी लागणाऱ्या 'एस'बद्दलही वाचलं. दुखणं निवल्यावर मागे राहिलेल्या तक्रारीसाठी ते अक्षर असतं. तिथे आधी त्या तक्रारीचा कोड, म्हणजे तोंड कमी उघडत असेल तर एम२६.५२, आणि मग मूळ इजेचा कोड 'एस' लावून. तोंड आता तीन बोटं उघडतं, ते प्रकरण मिटलं. खालचा ओठ मात्र डावीकडे अजून बधिर आहे. ताक पिताना ओघळ हनुवटीवर येतो आणि त्याला पत्ताच नसतो. आई न बोलता नॅपकिन पुढे करतात. डॉक्टर म्हणालेत, नस हळूहळू जागी होते, वाट बघू.

परवा त्याने पुन्हा विचारलं. म्हटलं, डॉक्टर लिहीत नाहीत तोवर डी.