काळमीठ शिजवताना

दिवाळीच्या सुट्टीत भाचरं निपाणीला आली आणि लाइट गेली की मामानं गोष्ट सांगायची असा नेमच पडला. गोष्ट कसली, खेळच तो. प्रसंग मी सांगायचा, काय करायचं ते पोरांनी ठरवायचं आणि फासा पडेल तसा निकाल लावायचा. त्यात मी एक पदार्थ घातला होता, काळमीठ. वेदगंगेच्या डोहात तळाला सापडतं आणि चिमूटभर टाकलं की तेवढ्या जागेतला वेळ मुंगीच्या पावलानं चालतो.

"मामा, ते फळांवर टाकून खातात की!" धाकटा म्हणाला. त्या रात्री पुढं खेळ झालाच नाही. नाव बदलायला हवं होतं, पण तोवर ते पोरांच्या तोंडी बसलं होतं.

डोहातलं मीठ कच्चं. त्याला नुसता हात लावला तरी माणसाचा अर्धा भाग मागं राहतो. आमच्या गोष्टीतल्या नावाड्याची उजवी मिशी पिकली, डावी काळीच राहिली. तेव्हा मीठ शुद्ध करायचा विधी रचणं मला भाग होतं, आणि त्यातच माझे दोन महिने गेले.

आधी रसशास्त्राकडं, म्हणजे पाऱ्यापासून औषधं करायच्या जुन्या विद्येकडं वळलो. पाऱ्याचे आठ संस्कार आहेत: स्वेदन, मर्दन, मूर्च्छन, उत्थापन, पातन, रोधन, नियमन, दीपन. म्हातारपण हटवायचं म्हणूनच तर जुने लोक पाऱ्याच्या मागं लागले होते, म्हणजे माझ्या कामाचीच गोष्ट. आठही नावं मोठ्या ऐटीत वाचून दाखवली. पोरांचे चेहरे पंचांग ऐकत बसल्यासारखे झाले. तो कागद चुलीत गेला.

मग आजीचं एक वाक्य आठवलं, "त्याची घटका भरली." ही घटका म्हणजे खरोखरची वाटी. तांब्याची, बुडाला बारीक भोक असलेली. पाण्यावर सोडायची, आत हळूहळू पाणी चढतं, भरली की बुडते. ती एक घटिका, 24 मिनिटांची. दिवसरात्र मिळून 60 घटिका. भोक कसं पाडायचं त्याचंही माप आहे: भागवताच्या तिसऱ्या स्कंधात चार मासे (मासा हे जुनं वजन) सोन्याची, चार अंगुळं लांब सळई सांगितली आहे. मला हे फार आवडलं. विधी ठरला: काहिलीत पाणी उकळत ठेवायचं, शेजारी वाटी सोडायची, वाटी बुडेल तेव्हा एक चिमूट काळमीठ टाकायचं. अशा साठ बुड्या. मधे झोप लागली तर पहिल्यापासून.

सोनं परवडणारं नव्हतं. बाजारातून तांब्याची वाटी आणली, खिळ्यानं भोक पाडलं आणि बादलीत सोडली. तीन मिनिटं पुरती झाली नाहीत तोवर ती तळाला. दुसऱ्या वाटीला शिवणाची सुई तापवून लावली, तर सुई मोडली. शेवटी खिळ्याचं भोक उलट्या बाजूनं हातोडीनं ठोकून ठोकून दाबलं. आता वाटी तरंगायची, आत पाण्याचा केसाएवढा झरा वर यायचा, काठ पाण्याला टेकला की क्षणभर थबकायची आणि मग बुडुक. एकवीस मिनिटं. दुसऱ्या दिवशी तीच वाटी, तीच बादली, तरी सव्वीस. भोकात कचरा अडकला होता. बहीण म्हणाली, "एवढं मन लावून बारावी केली असतीस तर."

खरा खोडा भाचीनं घातला. नववीत आहे. शांतपणे म्हणाली, "मामा, शेजारी काळमीठ असल्यावर वाटी तरी वेळेवर बुडंल काय? तिचा वेळ पण मुंगीसारखाच चालणार की. साठ झाल्या हे कळणार कसं?"

मला उत्तर सुचेना. वाटी लांब ठेवू म्हटलं, तर "किती लांब?" दुसऱ्या गावाहून कुणीतरी घंटा वाजवेल म्हटलं, तर "घंटेचा आवाज पण हळू येणार." सुट्टी संपली, पोरं गेली आणि काळमीठ कच्चंच राहिलं.

डिसेंबरात काकांच्या गुऱ्हाळावर गेलो, ते खरं तर काकवी आणायला. काहिलीत रस चढला होता, चुना पडला होता, भेंडीच्या चिकानं मळी वर आली होती आणि पोरं ती झाऱ्यानं काढत होती. चिपाडांचा जाळ. काहिलीपाशी गुळव्या आण्णा, डोळे अर्धे मिटलेले. मनगटावर घड्याळ नाही. मी विचारलं, "आण्णा, अजून किती वेळ?"

"वेळ मला काय विचारतोस, ह्याला विचार," म्हणत त्यांनी पळीनं थोडा पाक गार पाण्यात सोडला आणि बोटांनी वळायला घेतला. पाक पसरला, बोटांना चिकटला. "न्हाई अजून." थोड्या वेळानं परत. ह्यावेळी वळला, पण लोळागोळा. तिसऱ्यांदा गोळी झाली. आण्णांनी ती वाटीच्या कडेवर टाकली, टक् वाजली. "उतरा!" आणि सगळी माणसं एकदम उठली.

रात्री भाचीला फोन लावला. साठ बुड्या रद्द. वाटी राहील, पण बुडण्यासाठी नाही. तिच्यात गार पाणी असेल. काहिलीतला थेंब त्यात सोडायचा. पसरला तर कच्चं, गोळी झाली तर झालं. बाहेर दिवस जावो नाहीतर वर्ष, मीठ स्वतः सांगेल.

ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "चालंल. खरं मामा, गुळव्या गूळ चाखून पण बघतो नव्हं? हे चाखायचं कुणी?"

मागून धाकट्याचा आवाज आला, "मी!"